प्रेमकथेतलं आडनाव

मंडळी, आज दुपारचीच गोष्ट.

इथे आखातात, आमच्या सनाबिसच्या क्लिनिकमध्ये मेमचा नावाची नर्स आहे, मणिपूरची. फावल्या वेळात मोबाईलवर मणिपुरीत प्रेमकथा लिहिते आणि एकेक भाग फेसबुकवर टाकते. आज डबा खाताना तिचं तोंड उतरलेलं होतं. कालच्या भागात नायक-नायिकेचं लग्न ठरलं आणि वाचक खवळले, कारण दोघांची आडनावं एकाच कुळातली निघाली. त्यांच्याकडे एका कुळातले म्हणजे भाऊ-बहीण. लग्न शक्यच नाही.

मी हसले. "लव्ह स्टोरी में सरनेम कौन देखता है?"

"पहले पार्ट से सब वही पूछ रहे थे, दीदी. मैंने जल्दी में पड़ोसियों के लिख दिए."

"तो बदल डालो, खलास!" असा सल्ला देऊन मी कामाला लागले.

संध्याकाळी घरी चहा घेताना लेक म्हणाली, "आई, देअर इज समवन. आय वॉन्ट यू टू मीट हिम."

मला आनंदच झाला. पण तोंडातून पहिलं वाक्य निघालं ते, "आडनाव काय त्याचं?"

ती उठून खोलीत गेली. तिचा चहा अजून टेबलावरच आहे.

तुम्ही पहिलं काय विचारलं असतं? खरं सांगा.