सायरन वाजला तेव्हा

बायकोच्या अर्धांगवायूच्या उपचारासाठी आम्हाला बरेच दिवस नागपूरला राहावं लागलं, तेव्हा बालाघाटचं घर बंद होतं. मुलानं काळजीपोटी दाराखिडक्यांना बिनतारी अलार्म बसवून दिला. प्रत्येक दारावर काडेपेटीएवढी एक डबी, आणि बैठकीत आकडे दाबायची मुख्य पेटी. दार उघडलं की डबी पेटीला कळवते आणि पेटी बोंब मारते.

बायको बरी होऊन घरी आली, पण उजवा हात लुळाच राहिला. शाळेत गणित शिकवणारा, फळ्यावर भराभर चालणारा तो हात आता मांडीवर पडलेला असायचा. डॉक्टरांनी सांगितलेले व्यायाम ती करायची, पण मन लावून नाही. चेंडू दाबायचा, सोडायचा. "हे काय काम आहे?" म्हणायची.

या हिवाळ्यात एका सकाळी पेटी टूं टूं करू लागली. पुढच्या दाराच्या डबीचा सेल उतरला होता. मी बाजारातून नाण्यासारखे गोल सेल आणले, सगळ्याच डब्यांना पुरतील इतके. डबी चिकटपट्टीवरून ओढून काढली, पण तिचं झाकण काही निघेना. माझी नखं कापलेली, चष्मा नाकावरून घसरत होता.

"मले द्या ते," ती खुर्चीतून म्हणाली.

"काहून त्रास करून राह्यली? मी करतो ना."

"तुमच्यानं होऊन नाई राह्यलं. द्या."

तिनं डबी डाव्या हातात धरली आणि उजव्या अंगठ्याचं नख फटीत घातलं. अंगठा थरथरत होता. दोनदा निसटला. मी हात पुढे केला, तर तिनं डोळे वटारले, वर्गात वटारायची तसे. तिसऱ्यांदा झाकण टक्कन उघडलं आणि त्याच क्षणी घरभर सायरन किंचाळू लागला.

डबीचं झाकण उघडलं तरी पेटी बोंब मारते, म्हणून आधी नंबर दाबून ती बंद करावी लागते, हे मी साफ विसरलो होतो. पेटीकडे धावलो, पण घाबरून नंबरच आठवेना. शेवटी तिनंच ओरडून सांगितला. तोवर शेजारीण लाटणं घेऊन फाटकात हजर.

"चोर आया क्या, भाभी?"

"नहीं, सेल बदल रही हूँ!"

आणि ती हसायला लागली. डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. शेजारीणही पायरीवर बसून हसली. आजारपणानंतर मी तिला असं हसताना पाहिलं नव्हतं.

नवा सेल तिनंच बसवला. उरलेल्या डब्या मी एकट्यानं उरकू लागलो, तर म्हणाली, "राहू द्या. रोज एक करीन." आणि केल्या. मागच्या दाराची डबी उघडायला बराच वेळ लागला, खिडक्यांच्या लवकर झाल्या. चेंडूपेक्षा हे बरं, असं तिनं स्वतःच डॉक्टरांना फोनवर सांगितलं.

शेवटची डबी झाली त्या दिवशी आम्ही सगळी तपासणी केली. ती एकेक दार उघडायची, मी पेटीपाशी उभा राहून "हौ, आवाज आला" म्हणायचो. मग ती येऊन बसली, उजव्या हाताची बोटं चोळत.

"आता घर बंद करून जाता येते," ती म्हणाली. "लांजीले जाऊ का बहिणीकडे? लई दिवस झाले."

इतके दिवस मी कुठं जाऊ या म्हटलं की ती टाळायची. मी लगेच बसची वेळ विचारायला निघालो, तर मागून म्हणाली, "सकाळची पाहा. मले खिडकीजवळ बसायचं आहे."