खंडेनवमीला केलेली सफाई

"सर, हा डबा डोक्यावर घालून मी नुसती अंधारात बसलेय," सुनीता साळवे म्हणाली. "क्रेन कुठंय?"

क्रेन कुठेच नव्हती. स्क्रीनवर फक्त एक चौकट होती: अमुक डीएलएल फाईल सापडत नाही.

शेंद्र्याच्या एका कारखान्यात मी कंप्युटर सांभाळतो. डोक्यावरून अवजड माल नेणारी खरी क्रेन नवशिक्याच्या हाती देता येत नाही, म्हणून आमच्याकडे व्हीआर हेडसेट आहे. तो डोळ्यांवर चढवला की खुर्चीत बसल्या बसल्या आपण क्रेनच्या केबिनमध्ये असतो. मुकुंदवाडीची सुनीता सहा वर्षं पॅकिंगला होती. हट्टाने ती क्रेन शिकली आणि आज तिची परीक्षा होती. पुण्याहून आलेले परीक्षक एक वाजता निघणार होते. परीक्षा झाली नाही, तर उद्यापासून क्रेनवर ठेकेदाराचा माणूस बसणार, हे आमचे मॅनेजर कुलकर्णी साहेबांनी सकाळीच सांगून टाकलं होतं.

सव्वाअकरा वाजले होते.

डीएलएल ही लायब्ररी फाईल, म्हणजे एक दुभाष्या. क्रेनचा प्रोग्रॅम एक भाषा बोलतो, हेडसेट दुसरी. मधला दुभाष्या गेला की दोघं एकमेकांकडे बघत बसतात.

"परवापर्यंत चालत होतं ना?" साहेब म्हणाले.

"होय साहेब."

"मग परवा काय केलंस?"

"पूजा, साहेब."

खरं तेच होतं. परवा खंडेनवमी. सगळ्यांनी आपापली मशिनं पुसली, झेंडूचे हार घातले. मीही कंप्युटर पुसला. मग उत्साहाच्या भरात आतूनही साफ केला. एकाच नावाची फाईल तीन फोल्डरांत दिसली. म्हटलं, एवढी गर्दी कशाला? दोन उडवल्या, रिसायकल बिन रिकामी केली आणि भक्तिभावाने उदबत्ती ओवाळली.

साहेबांसमोरच उरलेली फाईल क्रेनच्या फोल्डरमध्ये टाकली. आता एरर वेगळा आला. नाव तेच, पण ती दुसऱ्या प्रोग्रॅमची, जुन्या आवृत्तीची. प्रत्येक प्रोग्रॅम आपला दुभाष्या शेजारी घेऊन बसतो, हे मला तेव्हा, घाम पुसताना आठवलं.

सॉफ्टवेअरवाल्यांना फोन लावला. तिकडे दसऱ्याची सुट्टी अजून चालूच होती.

"नेटवरून घे ना, फुकट मिळतात म्हणे," साहेब.

"साहेब, रस्त्यावरून उचललेला दुभाष्या काय सांगेल, कुणाला काय सांगेल, भरवसा नाही. व्हायरस शिरला तर अख्खा प्लांट बंद पडेल."

बारा वाजून गेले. परीक्षकांनी दुसरा चहा संपवून घड्याळ पाहिलं. सुनीताने हेडसेट काढून मांडीवर ठेवला.

"सर, खरं सांगा. झालं काय?"

सांगितलं. उदबत्तीसकट.

ती म्हणाली, "मी ज्याच्यावर शिकले, त्या जुन्या कंप्युटरला हार घातला होता का तुम्ही?"

"नाही. तो भंगारात गेला."

"मग त्याची सफाईबी नसंल झाली!"

मी या वयात धावलो. भंगाराच्या शेडमध्ये शेख चाचा डबा खात बसले होते. "अरे साब, दौडते कायकू? कंप्युटर कहाँ भागता?"

जुनं धूड उचलून आणलं, मॉनिटर जोडला. ते खोकत खोकत सुरू झालं. फाईल होती! धुळीत, बिनहाराची, अगदी जागच्या जागी. पेनड्राइव्हवर घेतली, नव्या कंप्युटरवर टाकली. बारा पस्तीस.

"दिसली!" सुनीता ओरडली.

परीक्षा सोपी नव्हती. पत्र्याची गुंडाळी उचलायची, शेडच्या दुसऱ्या टोकाला न्यायची आणि चौकोनात ठेवायची. हुकाला लटकलेला माल झुलता कामा नये. गुंडाळी नाही झुलली. खुर्चीमागे मीच झुलत होतो.

परीक्षकांनी सही केली. "पास. बिघाड कशाचा होता?"

'अँटिव्हायरसचा' हा शब्द माझ्या जिभेवर आला होता. सुनीता बघत होती.

"माझा, साहेब," मी म्हणालो.

आता ती वर केबिनमध्ये बसते. वर्षभराने, यंदाच्या खंडेनवमीला हार घेऊन मी कंप्युटरपाशी गेलो, तर स्क्रीनवर तिच्या अक्षरातला कागद चिकटवलेला होता: 'फक्त बाहेरून पुसणे.'

मी तसंच केलं.