हप्ता तोच ठेवा

माझे धाकटे दीर चष्म्याच्या दुकानात डोळे तपासतात. समोर भिंतीवर अक्षरांचा तक्ता, गिऱ्हाइकाच्या एका डोळ्यावर झाकण, आणि यांचा चढा आवाज: "खालची ओळ वाचा. त्याच्या खालची. अजून खालची." लोकांना बारीक अक्षर वाचायला लावून आयुष्यभर पोट भरणाऱ्या या माणसाने स्वतःच्या कर्जाच्या कागदावरची एक ओळ कधी वाचली नाही. आणि तरी आमच्या सगळ्या गोतावळ्यात त्यांना 'मालक' म्हणतात.

हे नाव त्यांनी स्वतःच स्वतःला लावून घेतलं. घराचा ताबा मिळाला त्या दिवशी किल्ली बोटात गरगर फिरवत म्हणाले, "आजपासून मला नावाने हाक मारायची नाही. मालक म्हणायचं." लोक हसले, थट्टेने म्हणू लागले. पुढे थट्टा विरून गेली, मालक तेवढे उरले. आम्ही भाड्याच्या दोन खोल्यांत राहणारे, त्यामुळे आमच्यावर त्यांची खास मेहेरबानी. घरात पाऊल टाकलं की पहिला प्रश्न ठरलेला: "काय वहिनी, या महिन्याचं भाडं गेलं का पाण्यात?" आम्ही त्यांच्याकडे गेलो की भिंत ठोकून दाखवायचे. "ऐका आवाज. ही माझी भिंत." भिंत कोणाचीही असो, ठोकल्यावर भिंतीसारखाच आवाज येतो. पण हे त्यांना सांगणार कोण? आमच्या यांचे भाऊ पडले. यांनी धाकट्याला कधी कशाला नाही म्हटलेलं मी ऐकलं नाही.

कर्ज पंधरा लाखांचं, वीस वर्षांचं. हप्ता बारा हजारांच्या थोडा वर. तिसरं वर्ष संपता संपता व्याजाचा दर दोन टक्क्यांनी वाढला. बँकेतून फोन आला तेव्हा आम्ही सगळे त्यांच्याच दिवाणखान्यात चहा घेत बसलो होतो. मालकांनी मुद्दाम फोनचा आवाज मोठा केला, सगळ्यांना ऐकू जावा म्हणून.

पलीकडची बाई म्हणाली, "सर, दर वाढलाय. हप्ता वाढवायचा की तोच ठेवायचा? तोच ठेवला तर—"

"तोच ठेवा!" मालक कडाडले. "एक पैसा जास्त देणार नाही. समजलं?"

"हो सर, पण मग मुदत—"

"पण नाही आणि बिण नाही. तोच ठेवा." आणि फोन ठेवला. मग आमच्याकडे वळून म्हणाले, "बघितलंत? बँक असली म्हणून काय झालं? माणसात दम पाहिजे."

त्या बाईचं वाक्य त्यांनी पुरं होऊ दिलं असतं तर पुढचं हे सगळं टळलं असतं. महिन्याला साधारण सतराशे जास्त भरले असते तर कर्ज वीस वर्षांतच फिटणार होतं. एवढी रक्कम जड होती असंही नाही. त्याच वर्षी त्यांनी दिवाणखान्याच्या छताखाली दुसरं खोटं छत करून त्यात निळे-जांभळे दिवे बसवून घेतले. अजूनही पाहुणे आले की ते दिवे लागतात, आणि त्या उजेडात माणसं आजारी दिसतात.

पुढची सतरा वर्षं आम्ही हेच ऐकलं. लग्नात, बारशात, दवाखान्यात कोणाला बघायला गेलं तरी. "सगळ्यांचे हप्ते वाढले. माझा एका पैशाने वाढला नाही. बँकेला वाकवली." ऐकणारे माना डोलवायचे. पदव्या घेतलेले लोक माना डोलवायचे. कोणाच्या डोक्यात आलं नाही की व्याज वाढलं आणि हप्ता तोच राहिला, तर ते वाढलेलं व्याज गेलं कुठे? बँक काय मालकांच्या आवाजाला घाबरून ते सोडून देणार होती?

या मालकीची किंमत कोण भरत होतं, तेही सांगते. माझी जाऊ. ती इस्पितळाच्या धुलाईघरात कामाला. ओल्या चादरी मशीनमधून उपसायच्या, वाळलेल्या घड्या घालायच्या, दिवसभर उभं. नवऱ्याच्या पगारातून हप्ता जायचा आणि घर तिच्या पगारावर चालायचं. गेली काही वर्षं तिचे गुडघे जवळजवळ गेलेच आहेत. जिना उतरताना ती आडवी होऊन, एकेक पायरी घेत उतरते. तिने कधी तक्रार केली नाही. एवढंच म्हणायची, "हप्ते संपले की मी सोडणार हो काम. मालकांनी शब्द दिलाय." यंदा वीस वर्षं भरत आली तेव्हा तिने धुलाईघरात सांगूनही टाकलं, की या महिन्याअखेर माझा हिशोब करा.

आणि आता माझी लेक. दातांच्या दवाखान्यात काम करते, हुशार आहे, स्वतःच्या पायावर उभी आहे. पण लहानपणापासून काकाची शेपटी. त्या भिंतीवर टकटक करण्याचा खेळ तिला फार आवडायचा. तिने दोन खोल्यांचं घर बघितलं, तीस लाखांचं कर्ज ठरवलं, आणि सल्ल्याला गेली ती काकाकडे. काकाने सांगितलं, तीस वर्षांचं घे, हप्ता लहान बसतो. सही सोमवारी व्हायची होती.

मी कागद-पेन्सिल घेऊन बसले. वीस वर्षांत फेडलं तर हप्ता फक्त तीन हजारांनी जास्त, आणि तीस वर्षं घेतली तर वीस लाखांहून अधिक जास्त जाणार. तीस लाखांच्या कर्जापायी त्र्याऐंशी लाख. पहिल्या हप्त्यातले एकवीस हजार नुसतं व्याज, मुद्दलात जेमतेम अठराशे. तिला दाखवलं.

"आई, तू ना व्याज म्हटलं की घाबरतेस."

"घाबरत नाही गं, मोजतेय."

"काकाने घेतलंच ना? बघ, सुटला पण. तू आयुष्यभर भाडं भरलंस, तुला कसं कळणार?"

हे वाक्य कोणाच्या तोंडचं होतं ते मला ठाऊक होतं. आवाज तेवढा माझ्या पोरीचा.

मालकांनी महिन्याच्या शेवटच्या दिवशी, रविवारी दुपारी, कर्जमुक्तीचं जेवण ठेवलं. चाळीस माणसं, भाड्याच्या खुर्च्या, आचारी. त्याआधी बुधवारी सकाळीच माझ्या दारात हजर. "वहिनी, चला बँकेत. घराचे मूळ कागद सोडवून आणू. मालकी कशी दिसते ते एकदा डोळ्यांनी बघून घ्या." इस्त्रीचा सदरा, खिशाला नवं पेन. मी गेले. खरं सांगते, मला बघायचंच होतं. त्या फोनवरचं अर्धवट वाक्य माझ्या डोक्यातून कधी गेलं नव्हतं.

टेबलापलीकडची मुलगी माझ्या लेकीच्याच वयाची. तिने पडद्यावर बघितलं, मग पुन्हा बघितलं.

"काका, तुमचं कर्ज चालू आहे अजून."

"शेवटचा हप्ता गेला या महिन्यात. वीस वर्षं झाली. कागद काढा."

"अजून एकशे दोन हप्ते आहेत. साडेआठ वर्षं."

"तुमच्या मशीनमध्ये चूक आहे."

"चूक नाही, काका. दर वाढला तेव्हा तुम्ही हप्ता तोच ठेवायला सांगितलंत, म्हणून मुदत वाढली. तशी पत्रंही गेलीत तुम्हाला. मुद्दल आठ लाख चाळीस हजार बाकी दिसतंय."

मी मनात हिशोब केला. पंधरा लाख घेतले, एकोणतीस लाख भरून झाले, आणि अर्ध्याहून जास्त मुद्दल अजून उभंच. मालकांचं तोंड पांढरंफटक पडलं होतं. काही झालं तरी दीर, वाईट वाटायला हवं होतं. वाटलंही असतं. पण त्यांचा पहिला प्रश्न काय असावा? "हे घरी कळवणार नाही ना तुम्ही?" बायकोच्या गुडघ्यांची आठवण नाही, तिने काम सोडायचं ठरवलंय त्याचं नाव नाही.

बाहेर फुटपाथवर आल्यावर मला म्हणाले, "वहिनी, रविवारपर्यंत तोंड मिटून ठेवा. चाळीस माणसं बोलावलीत. माझी अब्रू जाईल."

"ठेवते. पण माझ्या पोरीला खरं सांगायचं. सोमवारच्या सहीच्या आधी, आणि तुमच्या तोंडून. माझं ती ऐकत नाही."

"सांगतो ना. शप्पथ."

चार दिवस मी गप्प बसले. आमचे हे माझ्याकडे बघून म्हणायचे, "तुला झालंय काय?" मी म्हणायची, "काही नाही."

रविवारी निळ्या-जांभळ्या दिव्यांखाली सगळी मंडळी जमली. भर दुपारी ते दिवे लावलेले. जाऊ नवी साडी नेसून सगळ्यांना हसतमुखाने पाणी देत होती. एक म्हातारे नातेवाईक तिला म्हणाले, "काय बाई, आता आराम!" ती लाजली. इतक्या वर्षांत मी तिला लाजताना बघितलं नव्हतं.

जेवणं उरकल्यावर मालक उभे राहिले. हातात एक जाडजूड फाईल, लाल फीत बांधलेली. आत काय होतं देव जाणे, झेरॉक्सच असणार. "वीस वर्षं," ते म्हणाले, "आणि हप्ता एका पैशाने वाढू दिला नाही." टाळ्या पडल्या. मग त्यांनी माझ्या लेकीला पुढे बोलावलं, तिच्या खांद्यावर हात ठेवला. मला वाटलं, आता सांगतात. निदान बाजूला घेऊन तरी.

"ही उद्या सही करतेय. घराण्यातली दुसरी मालक! बाळ, एकच लक्षात ठेव. वर्षं मोजू नकोस, हप्ता बघ. काका बसलाय."

त्यांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. एवढं खोटं तोंडभरून बोलायला माणूस कुठल्या मातीचा लागतो, मला माहीत नाही. स्वतः बुडाला ते एक वेळ मूर्खपणा म्हणून सोडून देता येईल. पण आपण बुडलोय हे पक्कं कळल्यावर, केवळ टाळ्या थांबू नयेत म्हणून, खांद्यावर हात ठेवून पोरीला त्याच पाण्यात ढकलायची?

मी बसल्या जागेवरूनच म्हटलं, "भाऊजी, ती फीत सोडा ना. मूळ कागद बघू दे सगळ्यांना."

"वहिनी, तो कार्यक्रम नंतर—"

"कागद बँकेत आहेत. बुधवारी मी भाऊजींबरोबर तिथे होते. अजून साडेआठ वर्षं हप्ते आहेत. हप्ता वाढवला नाही म्हणून वर्षं वाढली."

ओळीतल्या कोणाची तरी खुर्ची करकरली. यांनी मला "अगं" म्हणून दटावलं. मी त्यांच्याकडे वळलेही नाही. मालकांच्या चेहऱ्यावर आधी राग आला, मग काहीच उरलं नाही, आणि मग ते जे बोलले ते मी मरेपर्यंत विसरणार नाही.

"पण हप्ता वाढला का? सांगा ना! हप्ता वाढला का?"

एकदोघं हसली. माझी लेक हसली नाही. ती काकाकडे बघत होती. "काका, तुला बुधवारीच माहीत होतं?"

"तुझी वेगळी गोष्ट आहे, बाळ. तू तरुण आहेस, तुझ्याकडे वेळ—"

तेवढ्यात जाऊ पाण्याचा तांब्या घेऊन पुढे आली. ओरडली नाही, रडली नाही. अगदी साध्या आवाजात, भाजी आणायची का विचारावं तसं, नवऱ्याला विचारलं, "मग मी उद्या कामावर जाऊ ना? त्यांना सांगावं लागेल, माझ्या जागी दुसरी घेऊ नका म्हणून."

मालक फाईलची फीत बोटाला गुंडाळत म्हणाले, "ते तुझं तू बघ."

जाऊने तांब्या टेबलावर ठेवला आणि आत गेली. उंबरठ्यावरून आत जातानाही तिला गुडघ्यावर हात टेकवावा लागला. माझ्या लेकीने ते बघितलं. मी दाखवलेले वीस लाख तिला दिसले नव्हते. ते तिला तिथे दिसले. तिने काकाचा हात खांद्यावरून काढला आणि काकूच्या मागे आत गेली.

सोमवारी सकाळी ती बँकेत गेली नाही. काकूला रिक्षाने इस्पितळाच्या फाटकापर्यंत सोडलं, धुलाईघराच्या मुकादमाशी दोन शब्द बोलली आणि तिथूनच मला फोन केला.

"आई, काकूला ठेवून घेतलं. तो तीन हजारांवाला कागद कुठे ठेवलायस? फेकला नाहीस ना?"

"नाही फेकला."

"संध्याकाळी बसू. वीस वर्षांत जमतं का बघू. नाही जमलं तर घरच लहान घेऊ. आणि दर वाढला तर हप्ताच वाढवायचा, असं आधीच लिहून देणार आहे मी."

मालक मंगळवारी दुकानात गेले. परवा माझ्या शेजारणीला नवा चष्मा हवा होता, ती त्यांच्याकडे जाऊन आली. म्हणाली, "तुमचे दीर फार हुशार हो. डोळे तपासता तपासता सांगत होते, सबंध शहरात एकट्या त्यांचाच हप्ता वाढला नाही."