मुक्या गावचं पावणं

गालगुंड उतरलं आणि जाताना माझा डावा कान घेऊन गेलं. आमच्या कोल्हापुरातल्या गल्लीत निम्म्या पोरांना गालगुंड झालं होतं, पण कान फक्त माझाच गेला, याचा मला भयंकर राग होता. बरं, नुसता गेला असता तरी चाललं असतं. त्याच्या जागी 'गुंईं' असा एक आवाज येऊन बसला आणि तो थांबेचना. डॉक्टर म्हणाले, नस गेली, आता सवय करून घ्यायची. मी चौथीत होते. सवय कशी करतात, ते त्यांनी सांगितलं नाही.

मी शाळेत जाणं बंद केलं. वर्गात बाईंचं बोलणं त्या गुंईंमध्ये बुडून जायचं, हाक कुठल्या बाजूनं आली ते कळायचं नाही, आणि पोरी हसायच्या. घरी मी भिंतीवर डोकं आपटायचे. आई कानात लसणाचं कोमट तेल घालायची आणि पदरानं स्वतःचे डोळे पुसायची. पोरगी वेडी होणार, असं गल्ली कुजबुजायला लागली होती. मलाही ते पटत चाललं होतं.

शेजारची काकू जैनाची. दिवस मावळायच्या आत ती जेवायला बसायची. एका संध्याकाळी आई तिच्यापुढं जाऊन रडली, "ह्या पोरीनं डोक्याला भुंगा लावलाय बघा."

काकूचा घास हातातच राहिला. "तुमच्या डोक्याला न्हवं, तिच्या कानात हाय त्यो. आन् लसूण घालून जीव मारताय व्हय त्येचा?"

मग तिनं मला जवळ बसवलं आणि सांगितलं, की मुकं गाव म्हणून एक गाव हाय. तिथं कशालाच स्वतःचा आवाज नाही. गाईच्या गळ्याला नाही, बांगड्यांना नाही, पिठाच्या चक्कीला नाही. त्या गावात भुंगे आहेत, आणि एकेका भुंग्याकडं एकेक आवाज. सकाळ झाली की भुंगे कामावर जातात, घंटेचा घंटेवर, सासूचा सासूवर. एखादा दमला तर रजा टाकतो. मग लोक देवळात मुकी घंटा वाजवतात, हात जोडतात आणि म्हणतात, भुंगा रजेवर हाय.

"तुझ्या कानाची खोली रिकामी दिसली, आला ऱ्हायला. पावणं हाय ते."

"जानार कधी?"

"पावण्याला असं इचारत्यात व्हय?" काकू गरजली. "आईनं ह्येच शिकिवलं?"

आमच्याकडं अनोळखी माणसालाही पावणं म्हणतात आणि चहा पाजल्याशिवाय सोडत नाहीत. हा तर घरात येऊन राहिलेला.

मग रोज तिच्या जेवणाच्या वेळेला आम्ही त्याचा आवाज ओळखायला बसायचो. चक्कीचा? जाडा होता. शिलाई मशीनचा? तुटक होता. शेवटी मी गल्लीच्या तोंडाच्या विजेच्या डीपीखाली उभी राहिले आणि ओरडले, "काकू, ह्योच!" काकू म्हणाली, "म्हंजे त्या गावात लाइट हाय, पर डीपी गप हाय." आम्ही खूप हसलो. ज्या आवाजाला मी घाबरत होते, तोच ऐकायला मी आता दिवसभर संध्याकाळची वाट बघत होते.

"पावण्यानं शाळा बघितली न्हाई," काकू एकदा म्हणाली. "घिऊन जा. पर त्येला भिंतीकडची जागा दे, लाजतंय ते." मी डावा कान भिंतीकडं करून बसले. उजव्या कानाला बाई स्वच्छ ऐकू आल्या. त्यात काकूची काय हुशारी होती, ते मला कळायला बरीच वर्षं गेली. मला माणसांत आणलं ते तिनं. तिचे उपकार फिटायचे नाहीत, आणि फेडायची मला घाईही नाही.

पुढं मी गारगोटीला शाळेत शिकवायला लागले. दोन हजार सालानंतरची गोष्ट. सुट्टीला घरी आले, तर काकूची सून दारातच म्हणाली, "बघा की जरा, आत्या जेवत न्हाईत, बोलत न्हाईत."

काकू कॉटवर पडली होती. तिनं माझा हात घट्ट धरला. "डाव्या कानात सारखं गुंईं गुंईं हुतंय. डोस्कं फिरलं गं माझं. कुनाला सांगू?" तिला मुकं गाव आठवत नव्हतं. तिच्या दृष्टीनं ती एका रडक्या पोरीसाठी मारलेली थाप होती. पार विसरून गेली होती. "कधी जाईल गं ह्ये?"

मला रडू येत होतं. तरी मी तिच्यासारखाच आवाज चढवला, "काकू, पावण्याला असं इचारत्यात व्हय?"

ती माझ्याकडं बघत राहिली. मग तिचं पोट हलायला लागलं, आणि हसता हसता डोळ्यांतून पाणी आलं. पुसायच्या भानगडीत न पडता ती कुशीवरून उठली, सरकली आणि डावा कान भिंतीकडं करून बसली.

"लाजतंय ते," ती म्हणाली.

मी तिच्या उजव्या बाजूला जाऊन बसले. सुनेला म्हटलं, ताट आणा, दिवस मावळायला अजून वेळ आहे.