चौसाळ्याच्या मांडवातले पेटीवाले

दुष्काळाच्या वर्षी चौसाळ्याजवळ सहकारी सूतगिरणीची पायाभरणी ठरली. मी तिथं कारकून होतो. व्यासपीठामागचा पडदा रंगवायला आणि स्वागतगीताला चाल लावायला चेअरमननी सोलापूरहून एक म्हातारे गृहस्थ आणले. सुरुवातीच्या कन्नड बोलपटांना ते संगीत द्यायचे आणि त्यांचे देखावेही उभारायचे. नाव विचारलं की हसून विषय बदलायचे. बोलताना त्यांची बोटं मांडीवर ताल धरायची, आणि नखांत कायम रंग असायचा.

गाण्यासाठी खडी फोडायच्या कामावरच्या बायका बोलावल्या होत्या. तालमीआधी ते प्रत्येकीला पाणी प्यायला लावायचे.

समारंभाला मंत्री दुपारी उशिरा आले. म्हाताऱ्यांच्या पेटीवर गाणं सुरू झालं आणि पुढच्या रांगेतली एक बाई कोसळली. चेअरमन दबक्या आवाजात म्हणाले, "वाजीव बे, थांबू नको."

म्हाताऱ्यांनी पेटी बंद केली. मंत्र्यांसमोरचा पाण्याचा तांब्या उचलून त्यांनी तिच्या तोंडाला लावला. पाणी ओठांवरून ओघळून गेलं.

"सकाळपसून काईच खाल्लं न्हाई तिनं," शेजारची बाई म्हणाली. "उठंल का ती?"

म्हाताऱ्यांनी तांब्या खाली ठेवला. मला हळूच म्हणाले, "सिनेमात मी पुष्कळ माणसं मरताना बघितली. शॉट संपला की सगळी उठून चहा मागायची."

बाईला जीपमध्ये घालून बीडला नेलं. भाषणं ठरल्याप्रमाणे झाली. संध्याकाळी मी त्यांना चौसाळ्याच्या फाट्यावर सोलापूरच्या ट्रकमध्ये बसवून दिलं. बाई वाटेतच गेल्याचं मला तोवर कळलं होतं. त्यांनी विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही.