फ्रेमबाहेरची खुर्ची

बोरिवलीला जंगलाच्या कडेला एक वारली पाडा आहे. तिथे आम्ही सगळ्यांनी मिळून एक फिल्म केली. मिळून म्हणजे काय दाखवायचं ते पाडा ठरवणार, कॅमेरा तिथल्या एका मावशीची सून धरणार, मी फक्त शिकवणार. हे मीच भाषण देऊन जाहीर केलं होतं. भाषण झकास झालं.

पाड्यातून रस्ता जाणार होता. सर्व्हेवाल्यांच्या नकाशात मावशीच्या घराच्या जागी नुसती झाडं होती. कागदपत्रं सगळी तिच्या दिराच्या नावावर. सुनावणीत घर दाखवता आलं नाही, तर ते पाडणार आणि बदल्यात काही मिळणार नाही. म्हणून फिल्म.

पहिल्याच दिवशी मावशी लाल प्लॅस्टिकच्या खुर्चीत दारात ऐटीत बसली. मागे पत्रा, पत्र्यावर टीव्हीची डिश, बाजूला निळा ड्रम, दोरीवर नातवाचा युनिफॉर्म. मी गिरणी कामगाराचा नातू, चाळीत वाढलेला. मला जंगल म्हणजे जंगलच हवं.

"मावशी, खुर्ची आत ठेवू या ना. ड्रमपण."

"का रे? वाईट हाय?"

"वाईट नाही. फ्रेममध्ये बरी दिसत नाही."

"मग मी बसू कशावर?"

"खाली, मातीत."

"आन् गुडघे तू चेपणार?"

सगळे हसले. मीही हसलो. खुर्ची मात्र आत गेली, आणि मग रोजच जाऊ लागली. पत्रा चमकतो म्हणून घरही मी फ्रेममध्ये येऊ दिलं नाही. ठरवणारा पाडा बाजूला उभा राहून ड्रम उचलत होता.

सुनावणीत फिल्म लावली. धुकं, भाताची खाचरं, पक्षी, मातीत बसलेली मावशी. साहेबांनी मन लावून पाहिली.

"जंगल छान आहे हो," ते म्हणाले. "घर कुठाय?"

मावशीने माझ्याकडे बोट केलं. "ह्याला इचारा. ह्यानंच काढलं."

वाट लागली होती. पुढची तारीख मिळाली. घरी येताना सून हळूच म्हणाली, "दादा, मी कॅमेरा बंद करायचेच नाही. परत चालू नाही झाला तर? तुम्ही कट म्हणायचे, मी हो म्हणायचे."

म्हणजे सगळं होतं. घर, डिश, ड्रम, युनिफॉर्म, आणि त्यावर माझा आवाज: "ते काढा! अरे, ते पण काढा! मावशी, खुर्ची!"

पुढच्या तारखेला तेच दाखवलं, जसंच्या तसं. साहेब हसले, शिपाईसुद्धा हसला. मी लाज वाटायची वाट बघत बसलो. आली नाही.

पुरावा मान्य झाला. मावशी पात्र ठरली. घर पाडलं, आणि बदल्यात गोवंडीकडच्या एका इमारतीत सातव्या मजल्यावर खोली मिळाली. अभिनंदनाचे फोन आले. मी थँक्यू, थँक्यू म्हणत राहिलो.

एकदा गेलो भेटायला. गॅलरीत तीच लाल खुर्ची.

"कॅमेरा आणलास? काढू खुर्ची?"

"राहू दे, मावशी."

समोर दुसरी इमारत, तिच्या गॅलरीतले कपडे. मावशीने विचारलं, "आपलं जंगल हितून कुठल्या अंगाला रे?"

मी फिल्मवाल्याच्या आत्मविश्वासाने हात केला. तिने लगेच खुर्ची तिकडे फिरवून घेतली.

खाली उतरल्यावर कळलं, तिकडे ट्रॉम्बे, जंगल बरोबर उलट्या अंगाला. लिफ्ट बंद होती. परत वर गेलो नाही.

सून सांगते, अजून तिकडेच तोंड करून बसतात.