दाराबाहेरचा हंगाम

आमच्या या परदेशी शहरात, नोव्हेना भागातल्या दवाखान्यात शिरलं की आधी गाठतो तो औषधी तेलाचा वास. इथली म्हातारी माणसं ते तेल कपाळापासून घोट्यापर्यंत चोळतात, आणि एसीच्या गारव्यात तो वास आगंतुक पाहुण्यासारखा पाय पसरून बसतो. परवा तिथं डॉक्टरीणबाईंनी माझ्या डाव्या पावलाला टाचणी टोचून विचारलं, काही जाणवतंय का? काही म्हणता काही जाणवत नव्हतं. कधीपासून, असं विचारल्यावर मी छाती फुगवून सांगणार होतो, 'बाई, एका फुटबॉलच्या हंगामापासून!' पण बाहेर पेशंटांची रांग होती. गोष्ट गिळली. गिळलेली गोष्ट मला पचत नाही, म्हणून तुम्हाला ऐकवतो.

शहराच्या उत्तर टोकाला, यिशुनला, माझा एक मित्र राहतो. मूळचा पुण्याचा, बँकेत जोखमीच्या खात्यात. कुठलं कर्ज बुडेल, कुठलं तरेल, याचं गणित आठवडाभर मांडणारा रुक्ष, हुशार गृहस्थ. त्याचा मुलगा इथली सक्तीची लष्करी नॅशनल सर्व्हिस उरकून अमेरिकेतल्या एका लहानशा कॉलेजात गेला आणि तिथल्या फुटबॉलच्या संघात शिरला. फुटबॉल म्हणजे त्यांचा, शिरस्त्राणं घालून एकमेकांवर आदळायचा. आमचा पोरगा आदळणाऱ्यांतला नव्हता. दोन उंच खांबांमधून चेंडू लाथेनं पार धाडायचा, एवढंच त्याचं काम. त्यातही तो दुसऱ्या नंबरचा. पहिल्याचं काही बिनसलं तरच मैदानात जायचा. बापाची इच्छा एवढीच, की हंगाम संपण्याआधी पोराला एकदा मैदानात पाहावं.

त्यांची शनिवारची संध्याकाळ म्हणजे आपली रविवारची सकाळ. मी ईस्ट कोस्टच्या माझ्या घराजवळून प्राटा, म्हणजे इथले पराठे, बांधून घेऊन जायचो, वहिनी उपमा करायच्या, त्यांची धाकटी लेक लॅपटॉप टीव्हीला जोडून द्यायची. आणि संघ हरायचा. आधी आम्ही हळहळलो, मग चिडलो, मग पंचांचा उद्धार केला, आणि पुढे काही वाटेनासंच झालं. इथं खिडकीबाहेर बारा महिने तेच ऊन, तोच दमटपणा. पडद्यावर मात्र प्रेक्षकांच्या अंगावर स्वेटर चढले, मग कोट, मग कानटोप्या. आमचा हंगाम असा परक्यांच्या कपड्यांवरून पुढे सरकत होता. अधूनमधून कॅमेरा कडेच्या बाकावर जायचा आणि तिथं आमचं ध्यान बसलेलं दिसायचं. वहिनी म्हणायच्या, "कपडे बघा कसे लख्ख! घरी असताना एकदा तरी असे ठेवले होते का?"

अशाच एका रविवारी मित्र बाहेर कॉरिडॉरमध्ये वाळत घातलेले कपडे काढायला गेला आणि आमच्या संघानं गुण मिळवला. तो धावत आत आला, तर पुढच्याच क्षणी चेंडू हातून सुटला. आम्ही तिघांनी त्याच्याकडे पाहिलं. क्रिकेटवर पोसलेल्या माणसांना यापुढे काही सांगावं लागत नाही.

"अहो, तुम्ही जरा बाहेरच थांबता का?" वहिनी म्हणाल्या.

"बाबा, डोन्ट कम इन लाह!" लेक इथल्या इंग्रजीत ओरडली.

मला वाटलं, हा जोखीमवाला आता आम्हाला शक्यतांवर व्याख्यान देईल. तो निमूट बाहेर गेला. पुढचे सगळे सामने त्यानं जाळीच्या दाराबाहेर, कपड्यांच्या घड्या घालत, आमच्या ओरडण्यावरून अंदाज बांधत काढले. मलाही शिक्षा होतीच. तो गुण मिळाला तेव्हा माझा डावा पाय उजव्या मांडीखाली होता, म्हणून तो तिथून हलवायचा नाही, असा हुकूम सुटला. मुंग्या यायच्या, मग त्याही थांबायच्या. पाय माझाच आहे की सोफ्याचा, कळत नसे. आणि संघ हरतच राहिला.

शेवटच्या सामन्यात पहिल्या नंबरच्या पोराचा पाय मुरगळला. सामना केव्हाच हातचा गेला होता. बाकावरून आमचा उठला. वहिनी दाराशी धावल्या. "अहो, या लवकर! तो उतरलाय!"

मित्रानं जाळीवर हात ठेवला. "मी आलो आणि चुकला तर?"

"चुकला तर चुकला! मुलगा आहे तुमचा, कर्जदार नाही."

क्षणभर वाटलं, येतोय. मग त्यानं हात काढून घेतला आणि आमच्याकडे पाठ करून समोरच्या ब्लॉकच्या खिडक्या बघत उभा राहिला. चेंडू उडाला, जरा डावीकडे कलला आणि खांबांमधून पार झाला. लेकीनं किंकाळी फोडली, वहिनी रडायला लागल्या, आणि मी टाळ्या पिटत उठलो तो बधिर पायावरून थेट टीपॉयवर कोसळलो. तसाच लंगडत दाराशी गेलो.

"झाला गोल?" पाठमोऱ्यानंच विचारलं.

"झाला!"

"बरं." त्यानं दोरीवरचा टॉवेल काढला, घडी घातली. मग म्हणाला, "काही वाटतच नाहीये रे. वाटायला हवं ना काहीतरी?"

मलाही काही वाटत नव्हतं. इतके रविवार आम्ही ज्याची वाट पाहिली, ते येऊन गेलं होतं आणि टॉवेल अजून ओलसर होता.

पुढच्या वर्षी पोरानं अभ्यासासाठी संघ सोडला. आता तिकडेच नोकरी करतो. कोट, कानटोपी घालून फोनवर दिसतो. तेवढ्या क्षणाचं रेकॉर्डिंग मात्र वहिनींच्या फोनमध्ये आहे आणि घरी येणाऱ्या प्रत्येकाला ते पाहावंच लागतं. मित्रानं ते अजून पाहिलेलं नाही. मागच्या महिन्यात मी त्याला छेडलं, "अरे, होऊन गेलेली गोष्ट ती. आता कशी चुकेल?" तो अगदी कर्जाची फाईल पाहावी तशा चेहऱ्यानं म्हणाला, "मी नसताना आजवर एकदाही चुकलेला नाही ना? मग कशाला."

मी हसलो. मग हसू ओसरलं. काळ पुढे जातो म्हणतात. त्या घरात तो तेवढ्या एका जागी थांबवून ठेवलाय आणि एक माणूस त्याची राखण करतोय. वहिनींनी फोन हातात घेतला की तो आपणहून उठतो, बाहेर जातो, जाळीचं दार ओढून घेतो. आत चेंडू उडतो, जरा डावीकडे कलतो. आणि बाहेरून पाठमोरा आवाज येतो, "झाला?"

"झाला," आम्ही सांगतो.